सोंग आणि कृती : जोव्हान्नी लोम्बार्दो राडिचे यांची कारकीर्द आणि नटाच्या दायित्वाचा प्रश्न

नटाने केलेल्या कृत्याचे पाप-पुण्य कोणाच्या खात्यावर मांडावे, हा प्रश्न नाट्यकलेइतकाच जुना आहे आणि धर्मशास्त्रांनी, तत्त्वज्ञांनी व कायद्याने त्याला वेळोवेळी दिलेली उत्तरे एकमेकांशी फारशी जुळत नाहीत. 'ते सारे सोंग होते' हे उत्तर बहुतेक वेळा पुरेसे ठरते, कारण रंगमंचावर खून करणारा नट खुनी नसतो आणि विष घेऊन मरणारी नटी प्रयोग संपल्यावर घरी जाऊन जेवते. परंतु हे उत्तर सर्वच प्रसंगी पुरते काय, आणि पुरत नसेल तर ते नेमके कोठे तुटते, हे तपासायचे असेल तर सोंगाच्या अगदी कडेवर उभे राहून काम केलेला नट उदाहरणादाखल घ्यावा लागतो. इटलीतील 'एक्स्प्लॉयटेशन' सिनेमात, म्हणजे हिंसा, लैंगिकता आणि किळस या हमखास खपणाऱ्या घटकांवर अल्प खर्चात उभारलेल्या बाजारी चित्रपटांत, जॉन मॉर्गेन या टोपणनावाने गाजलेले जोव्हान्नी लोम्बार्दो राडिचे (१९५४–२०२३) हे असे उदाहरण आहे.

राडिचे यांचे कुळ पाहता त्यांच्या वाट्याला आलेल्या भूमिका अधिकच विसंगत वाटतात. त्यांचे आजोबा जुझेप्पे हे इटलीतील नामवंत शिक्षणशास्त्रज्ञ होते. वडील लुचो हे गणितज्ञ आणि फॅसिस्ट राजवटीत तुरुंगवास भोगलेले कम्युनिस्ट विचारवंत होते, ज्यांनी १९६०च्या दशकात कॅथलिक आणि मार्क्सवादी यांच्यातील संवादासाठी लेखणी झिजवली. आत्या लाउरा ही कम्युनिस्ट नेते पिएत्रो इन्ग्राओ यांची पत्नी. आणि आईचे वडील आर्तुरो कार्लो येमोलो हे चर्च व राज्यसंस्था यांच्या संबंधांचा इतिहास लिहिणारे, श्रद्धावान पण उदारमतवादी कायदेपंडित होते. धर्मनिष्ठा आणि धर्मचिकित्सा या दोन्ही गोष्टी ज्या घरात रोजच्या बोलण्यात होत्या, त्या घरातला हा मुलगा नट आणि दिग्दर्शक म्हणून रंगभूमीवर उभा राहिला, आणि चित्रपटात आला तो थेट रुज्जेरो देओदातो यांच्या 'द हाउस ऑन द एज ऑफ द पार्क' (१९८०) या, वस्तऱ्याच्या धाकावर रात्रभर चालणाऱ्या छळाच्या कथेत, एका गुंडाचा मंदबुद्धी साथीदार होऊन.

त्या काळातील इटालियन चित्रव्यवसायाची रीत अशी होती की एखादा परदेशी वा देशी चित्रपट चालला की त्याच्या अंगाचे दहा-वीस चित्रपट काही वर्षांत काढायचे, बाजार आटला की दुसरीकडे वळायचे, आणि अमेरिकेत व इंग्लंडात विक्री सोपी व्हावी म्हणून श्रेयनामावलीत इंग्रजी वळणाची नावे घालायची. सेर्जो लेओने यांनी १९६४ मध्ये आपल्या पहिल्या वेस्टर्नवर 'बॉब रॉबर्टसन' असे नाव लावले होते, आंतोनिओ मार्गेरीती वर्षानुवर्षे 'अँथनी डॉसन' होते, आणि राडिचे यांचे 'जॉन मॉर्गेन' होणे हा त्याच व्यवहाराचा भाग होता. कुळाची लाज राखण्यासाठी घेतलेला हा बुरखा होता, असा तर्क करण्याचा मोह होतो खरा. परंतु टोपणनाव ही तेव्हा विक्रीची गरज होती आणि राडिचे यांनी आपली ओळख कधी लपवलीही नाही.

पुढील काही वर्षांत त्यांची ख्याती झाली ती मुख्यतः मरण्याबद्दल. मार्गेरीती यांच्या 'कॅनिबल अपॉकॅलिप्स' (१९८०) मध्ये व्हिएतनामहून नरमांसाची ओढ लागून परतलेल्या सैनिकाची भूमिका त्यांनी केली आणि त्यात बंदुकीच्या गोळीने त्यांच्या पोटाला असे आरपार भोक पडते की कॅमेरा त्यातून पलीकडचे पाहतो. लुचो फुल्ची यांच्या 'सिटी ऑफ द लिव्हिंग डेड' (१९८०) या चित्रपटात, ज्याचा आरंभ एका पाद्र्याने दफनभूमीत गळफास घेतल्याने नरकाचे दार उघडते या कल्पनेवर केला आहे, गावाने ओवाळून टाकलेल्या तरुणाच्या डोक्यातून एक संतापलेला बाप यंत्राचे गिरमिट आरपार घालतो, आणि तो तरुण राडिचे आहेत. या मृत्यूंकडे पाहून प्रेक्षकाच्या अंगावर काटा येतो, पण कोणाही विचारी माणसाला त्यात नैतिक अडचण वाटण्याचे कारण नाही, कारण मेण, रबर आणि रंगवलेले पाणी यांपलीकडे त्यात कोणाचे काही गेलेले नाही.

नटाच्या अलिप्ततेचे समर्थन भारतीय परंपरेत अभिनवगुप्ताने सर्वांत काटेकोरपणे केले आहे. रस, म्हणजे नाट्यानुभवातून प्रेक्षकाला होणारा आस्वाद, हा मूळ पात्राच्या ठायी नसतो आणि नटाच्याही ठायी नसतो. नट हा त्या आस्वादाचे केवळ साधन असतो, आणि मद्याची चव भांड्याला लागत नाही तशी रसाची चव नटाला लागत नाही, असे तो म्हणतो. फ्रेंच तत्त्वज्ञ दिदरो याने अठराव्या शतकात नटाच्या विरोधाभासावर लिहिलेल्या आणि त्याच्या मृत्यूनंतर १८३० मध्ये छापल्या गेलेल्या संवादात जवळपास हाच निष्कर्ष वेगळ्या वाटेने काढला : थोर नट स्वतः काही अनुभवत नाही, तो अनुभवाची चिन्हे थंड डोक्याने मांडतो. या दोघांच्या मते भूमिका आणि माणूस यांच्यातील अंतर हाच अभिनयाचा पाया आहे, आणि ते अंतर मान्य केले की पडद्यावरील क्रौर्याबद्दल नटाला जाब विचारणे हा प्रकार-भ्रम, म्हणजे एका कोटीतील गोष्टीला दुसऱ्या कोटीचे नियम लावण्याची चूक, ठरतो.

धर्मसंस्थांनी मात्र हे अंतर सहसा मान्य केले नाही. इ.स. ३१४च्या आर्ल येथील धर्मपरिषदेने, नाटकाचा व्यवसाय सोडत नाहीत तोवर नटांना धर्मसहभागातून दूर ठेवले, आणि फ्रान्समध्ये १७३० मध्ये थोर अभिनेत्री आद्रिएन लकुव्रर हिला ख्रिस्ती दफन नाकारले गेले. रोमन कायद्यात नटाचा धंदाच 'इन्फामिया', म्हणजे नागरी प्रतिष्ठेचा लोप, ओढवून घेणारा होता. आणि ज्या नटांवर व योद्ध्यांवर लोक जीव ओवाळतात त्यांनाच कायदा हीन कसे ठरवतो, या दांभिकतेवर ख्रिस्ती लेखक टर्टुलियन याने इ.स. २००च्या सुमारास नेमके बोट ठेवले, जरी त्याचा स्वतःचा उपाय सर्व खेळतमाशे त्यजावेत हाच होता. पाली वाङ्मयात तालपुट नावाच्या नटप्रमुखाची कथा आहे : लोकांना हसवणारा नट मरणोत्तर हसऱ्या देवांच्या लोकी जातो हे खरे काय, असे त्याने बुद्धाला विचारले, बुद्धाने उत्तर देणे पुनःपुन्हा टाळले, आणि तो आग्रहच धरून बसल्यावर सांगितले की आधीच राग, द्वेष आणि मोह यांनी बांधलेल्या प्रेक्षकांचे ते विकार जो आणखी वाढवतो त्याची गती स्वर्गाची नव्हे. तालपुट रडला आणि भिक्षू झाला. येथे दोष मूळ कृत्याचा नाही; तो प्रेक्षकाच्या चित्तावर होणाऱ्या परिणामाचा आहे, आणि म्हणून कृती खोटी होती हा बचाव येथे चालत नाही.

सोंग आणि कृती यांतील सीमा इटलीच्याच भूमीवर प्राचीन काळी जाणूनबुजून पुसली गेली होती. इ.स. ८० मध्ये कोलोसियमच्या उद्घाटनाच्या खेळांत एका दंडित गुन्हेगाराला लाउरेओलुस या लुटारूच्या भूमिकेत क्रुसावर चढवून खरोखरच अस्वलाच्या तोंडी देण्यात आले आणि मार्शिअल या कवीने त्याचे कौतुकाने वर्णन केले. त्याच शंभर दिवसांच्या खेळांत सुमारे ९,००० प्राणी मारले गेले असे इतिहासकार डायो कॅसिअस सांगतो. कथा कल्पित, वेश कल्पित आणि मृत्यू तेवढा खरा, हा प्रकार रोमन प्रेक्षकाला नाट्याचा कळस वाटे.

याच्या अगदी उलट टोकाला संत जेनेसिअसची आख्यायिका उभी आहे, आणि प्रस्तुत प्रश्नाच्या दृष्टीने ती अधिक मोलाची आहे. सम्राट डायोक्लिशनच्या काळात, म्हणजे तिसऱ्या शतकाच्या अखेरीस वा चौथ्याच्या आरंभी, जेनेसिअस नावाचा रोमन नट ख्रिस्ती बाप्तिस्म्याची टिंगल करणाऱ्या प्रहसनात काम करत असता, अंगावर पाणी पडताच खरोखर श्रद्धावान झाला, त्याने ते रंगमंचावरच जाहीर केले आणि त्याबद्दल त्याचा शिरच्छेद झाला, असे परंपरा सांगते. कॅथलिक चर्च त्याला नटांचा संरक्षक संत मानते. प्रहसनातला बाप्तिस्मा खरा मानावा काय, हा प्रश्न केवळ आख्यायिकेपुरता राहिला नाही. ऑगस्टीनने इ.स. ४००च्या सुमारास बाप्तिस्म्यावर लिहिलेल्या ग्रंथाच्या शेवटी तो प्रत्यक्ष उपस्थित केला आणि, इतर बहुतेक बाबतींत ठाम असणाऱ्या या आचार्याने, येथे मात्र ईश्वरी संकेताची वाट पाहावी असे म्हणून निर्णय खुला ठेवला. पुढे चर्चने असा सिद्धान्त बांधला की संस्कार हे पुरोहिताच्या व्यक्तिगत पावित्र्यावर अवलंबून नसतात, ते केलेल्या कृतीनेच फलित होतात. तथापि चर्च जे करते तेच करण्याचा किमान हेतू तरी कर्त्याच्या ठायी हवा, आणि हा हेतू सोळाव्या शतकातील ट्रेंटच्या परिषदेने आवश्यक ठरवला. प्रहसनात हा हेतू नसतो, म्हणून प्रहसनातला बाप्तिस्मा बाप्तिस्मा नव्हे.

या धर्मशास्त्रीय काथ्याकुटातून एक भेद हाती लागतो. काही कृतींचे अस्तित्वच हेतूवर आणि संकेतावर उभे असते : विवाह, शपथ, बाप्तिस्मा, शाप, अपमान. त्या रंगमंचावर केल्या तर रिकाम्या होतात, कारण 'जणू' हा एक शब्द त्यांचा प्राण काढून घेतो. दुसऱ्या काही कृती हेतूची वाट पाहत नाहीत : आग लावणे, कापणे, मारणे. या दुसऱ्या कोटीत 'जणू' शिरू शकत नाही. ती कृती एकतर होते वा होत नाही, आणि होत नसेल तरच तिचे सोंग आणता येते. अभिनवगुप्त आणि दिदरो यांचा बचाव पहिल्या कोटीला पूर्णपणे लागू पडतो, आणि दुसऱ्या कोटीला, कृती प्रत्यक्ष घडलेली नसेल तेथपर्यंतच. भूमिकेतला नट जिवंत प्राण्याच्या गळ्यावर सुरी फिरवतो तेव्हा भूमिका सुरी धरत नाही; हात धरतो. भरताच्या नाट्यशास्त्राने युद्ध, मरण यांसारख्या गोष्टी अंकात प्रत्यक्ष न दाखवता प्रवेशकातून, म्हणजे दोन अंकांमधील निवेदनवजा दृश्यातून, सूचित कराव्यात असे सांगितले, त्यामागे रुचीचा विचार असेल. पण त्या नियमाने ही सीमाही आपोआप राखली जात होती.

इटलीतील नरभक्षकपटांनी नेमकी हीच सीमा ओलांडली. या प्रकाराचे मूळ 'मोंदो काने' (१९६२) या, जगभरच्या चमत्कारिक व क्रूर चालीरीतींचे वास्तवदर्शन घडवण्याचा आव आणणाऱ्या माहितीपटाच्या यशात आहे. उम्बेर्तो लेन्झी यांच्या १९७२च्या चित्रपटाने त्याला कथेची जोड दिली आणि देओदातो यांच्या 'कॅनिबल होलोकॉस्ट' (१९८०) ने त्याचा कळस केला. जंगलातले खरेपण सिद्ध करण्याचा सर्वांत स्वस्त मार्ग म्हणजे कॅमेऱ्यासमोर प्राणी मारणे, कारण एकदा कासवाचे वा माकडाचे रक्त खरे आहे हे पटले की प्रेक्षकाचा डोळा माणसाचे रक्तही खरे मानू लागतो. प्राण्याचा मृत्यू येथे कथेचा विषय नाही. तो कथेच्या खोट्या भागाला जामीन राहतो.

या बाबतीत इटालियन न्यायालयांचा इतिहास विलक्षण आहे. फुल्ची यांच्या १९७१च्या एका चित्रपटात प्रयोगशाळेत पोट फाडून टांगलेली कुत्री दिसतात. ती जिवंत कुत्री होती या संशयावरून फुल्ची यांच्यावर खटला भरला गेला आणि त्या बाहुल्या बनवणारे कारागीर कार्लो राम्बाल्दी यांना त्या न्यायालयात आणून दाखवाव्या लागल्या, तेव्हा कोठे दिग्दर्शकाची सुटका झाली. १९८० मध्ये मिलानमध्ये 'कॅनिबल होलोकॉस्ट' जप्त झाला, आणि नटांना खरोखरच मारले गेले असावे असा संशय आल्यामुळे ते जिवंत असल्याचे देओदातो यांना सिद्ध करावे लागले. पहिल्या वेळी खोटे प्राणी खरे ठरले, दुसऱ्या वेळी खोटी माणसे खरी ठरली. आणि दुसऱ्या चित्रपटात जे प्रत्यक्ष मेले होते, त्या प्राण्यांपेक्षा न मेलेल्या माणसांच्या मरणाचीच चर्चा अधिक झाली. प्राण्यांवरील क्रौर्याला स्वतंत्र व कडक दंड देणारा कायदा इटलीत २००४ मध्ये झाला, आणि प्राण्यांच्या रक्षणाचा उल्लेख राज्यघटनेच्या नवव्या अनुच्छेदात आला तो २०२२ मध्ये.

राडिचे यांच्या कारकिर्दीतील निर्णायक प्रसंग लेन्झी यांच्या 'कॅनिबल फेरॉक्स' (१९८१) च्या चित्रीकरणात, कोलंबियातील ॲमेझॉनच्या जंगलात, घडला. नरभक्षण ही गोऱ्यांनी रचलेली दंतकथा आहे असा प्रबंध सिद्ध करण्यास निघालेली एक मानववंशशास्त्राची विद्यार्थिनी, आणि पाचूंच्या लोभाने आदिवासींचा अमानुष छळ करून त्यांना सूडास प्रवृत्त करणारा न्यूयॉर्कचा मादकद्रव्यांचा दलाल माइक, अशी ही कथा आहे. चित्रपट वरवर असे म्हणतो की खरा रानटी तो गोरा आहे. परंतु ज्या लोकांची बाजू घेतल्याचा आव तो आणतो त्यांनाच मेंदू खाणारे राक्षस म्हणून विकतो, आणि म्हणून त्यातील नीतिबोध हा निव्वळ वेष्टनाचा कागद आहे. माइकची भूमिका करणाऱ्या राडिचे यांना एका दृश्यात डुक्कर प्रत्यक्ष मारण्यास सांगितले गेले. त्यांनी नकार दिला. एखादा मोठा अमेरिकन नट असता तर त्याने हे केले असते, असे दिग्दर्शकाने सुनावले आणि आपण तितक्याच तिखट शब्दांत ते परतवून लावले, असे राडिचे यांनी नंतर मुलाखतींत सांगितले आहे. दृश्य मात्र चित्रपटात आहेच. चेहरा एकाचा आणि हात दुसऱ्याचा, हे संकलनाच्या मेजावर सहज साधते, आणि पडद्यावर पाहणाऱ्याला माइकने डुक्कर मारलेले दिसते.

नकार देऊनही चित्रपटात राहणाऱ्या माणसाचे दायित्व मोजण्यासाठी इटलीच्याच एका संताने घडवलेले माप उपलब्ध आहे. नेपल्सचे धर्मशास्त्रज्ञ आल्फोन्सो दे लिग्वोरी (१६९६–१७८७) यांनी दुसऱ्याच्या पापातील सहभागाचे दोन भेद केले : करणाऱ्याच्या दुष्ट इच्छेत जो सामील होतो त्याचा सहभाग स्वरूपतः, आणि इच्छेत सामील न होता केवळ कृतीला हातभार लावतो त्याचा सहभाग द्रव्यतः. पहिला कधीच क्षम्य नाही. दुसरा, हातभार किती जवळचा आणि तो लावण्याचे कारण किती गंभीर, यांवर क्षम्य ठरू शकतो. या वादात वारंवार येणारे उदाहरण एका नोकराचे आहे : धनी एका मुलीची अब्रू घेण्यासाठी खिडकीतून चढत आहे हे ठाऊक असूनही जो त्याला खांदा देतो, तो केवळ नुकसानीच्या भीतीपोटी तसे करत असेल तर मोठ्या पापातून सुटतो काय? तो सुटतो, असे मत काहींनी मांडले होते आणि पोप अकरावा इनोसंट याने १६७९ मध्ये त्याचा निषेध केला. कराराने बांधलेल्या, परक्या खंडातील जंगलात सव्विसाव्या वर्षी दिग्दर्शकाच्या हाताखाली असलेल्या नटाची स्थिती या नोकराहून फार निराळी नव्हती, आणि डुकराच्या बाबतीत त्याने खांदा देण्यास नकार दिला हे निर्विवाद आहे. तथापि ज्या चित्रपटात ते दृश्य बसवले गेले त्याला त्याने चेहरा दिला, आवाज दिला, आणि उरलेले चित्रीकरण पूर्ण केले. लिग्वोरींच्या मापाने हा द्रव्यतः, आणि दूरचा, सहभाग आहे.

भारतीय परंपरेतील माप अधिक कडक आहे. योगसूत्रे हिंसेचे कृत, कारित आणि अनुमोदित, म्हणजे स्वतः केलेली, दुसऱ्याकडून करवलेली आणि संमती दिलेली, असे तीन भेद करतात आणि तिन्हींना हिंसाच म्हणतात. जैन विचारातही हीच त्रयी आहे. आणि मांसाच्या प्रकरणात मनुस्मृती परवानगी देणाऱ्यापासून वाढणाऱ्या-खाणाऱ्यापर्यंत आठ जणांना घातकांच्या पंक्तीत बसवते. या हिशेबाने ज्याने सुरी चालवली त्याची हिंसा कृत, दिग्दर्शक-निर्मात्याची कारित, आणि तिकीट काढणाऱ्याची अनुमोदित. राडिचे या तिघांपैकी कोणत्याच घरात नीट बसत नाहीत : त्यांनी केली नाही, करवली नाही, आणि उघड असंमती दर्शवली. कडक मापाने तोलले असता त्यांची बाजू सौम्य मापापेक्षा चांगली ठरते, ही गोष्ट दोन्ही परंपरांच्या अभ्यासकांनी ध्यानात घेण्याजोगी आहे.

येथे एक आक्षेप नेहमी घेतला जातो आणि तो हलका नाही : गावात ते डुक्कर आज ना उद्या कापले गेलेच असते, चित्रपट पाहून हळहळणारा प्रेक्षक मध्यंतरात मांसाहार करतो, आणि फार काय, ज्या फिल्मवर जगातले सर्वांत करुणामय चित्रपट चित्रित झाले त्या फिल्मचा लेप जिलेटिनचा असतो, जे गुरांच्या हाडांपासून आणि कातड्यांपासून काढतात. या अर्थाने निर्हिंस सिनेमा फिल्मच्या युगात झालेलाच नाही. आक्षेप खरा आहे, परंतु त्यातून निघतो तो एवढाच निष्कर्ष की कोणीही पूर्ण शुद्ध नाही. मृत्यू हाच ज्याचा माल आहे असे दृश्य आणि मृत्यूचा ज्यात मागमूस लागू दिला जात नाही असा कच्चा माल यांत भेद नाही, असा निष्कर्ष त्यातून निघत नाही. रसविचाराच्या बाजूनेही तो भेद दिसतो. बीभत्स रसाचा स्थायी भाव जुगुप्सा, म्हणजे किळस, हा आहे, आणि साधारणीकरणामुळे, म्हणजे भाव कोणा एकाचा न राहता सर्वसाधारण झाल्यामुळे, तो आस्वाद्य होतो. परंतु समोरचा जीव खरोखर तडफडत आहे हे कळताच साधारणीकरण मोडते आणि उरते ती लौकिक किळस. 'कॅनिबल फेरॉक्स' मधील माइकचा अत्यंत भीषण शेवट कलेच्या, निकृष्ट का होईना, कक्षेत येतो. डुकराचा मृत्यू येत नाही.

ब्रिटनमध्ये १९३७ पासून एक कायदा चित्रीकरणासाठी प्राण्यांवर प्रत्यक्ष क्रौर्य केलेली दृश्ये दाखवण्यास बंदी घालतो, आणि त्याने हीच रेषा कोणत्याही रसचर्चेशिवाय ओढली आहे. १९८०च्या दशकात तेथे व्हिडिओ कॅसेटींवरून जे नैतिक काहूर उठले त्यात सरकारी वकिलांच्या यादीतील ७२ चित्रपटांपैकी तीन राडिचे यांचे होते. त्या काहुरात खोट्या रक्ताला खऱ्या रक्तापेक्षा अधिक भ्याले गेले. हळूहळू भान आले. २०११ मध्ये 'कॅनिबल होलोकॉस्ट' ला तेथे प्रमाणपत्र मिळाले तेव्हा माणसांवरील सारी अभिनीत हिंसा तशीच ठेवून सुमारे १५ सेकंद तेवढे कापले गेले, आणि ते एका प्राण्याच्या हत्येचे होते.

राडिचे यांच्या पुढील कामाकडे या प्रकाशात पाहिले तर मिकेले सोआवी यांचा 'स्टेजफ्राइट' (१९८७) हा चित्रपट लक्ष वेधून घेतो. खुन्याच्या जीवनावरील नाटकाची तालीम करणाऱ्या मंडळींपैकी एकीचा खरोखर खून होतो, आणि दिग्दर्शक त्या बातमीचा फायदा उठवण्यासाठी नाटकातल्या खुन्याला खऱ्या खुन्याचे नाव देऊन नटांना रात्रभर कोंडून ठेवतो. घुबडाचा मुखवटा घालून खुन्याची भूमिका करणारा नट राडिचे आहेत. आणि खरा खुनी त्याला बांधून तोच मुखवटा चढवून ठेवतो, तेव्हा दिग्दर्शक त्यालाच खुनी समजून कुऱ्हाडीने ठार करतो. भूमिकेवरून माणसाची पारख केल्याने माणूस मारला जातो, ही कल्पना या कारकिर्दीवरच भाष्य असल्यासारखी आहे. सोआवींचा तसा हेतू होता असे मात्र म्हणता येणार नाही. दोन वर्षांनी सोआवींच्याच 'द चर्च' मध्ये आणि २००६च्या 'द ओमेन' मध्ये त्यांनी धर्मोपदेशकाची वस्त्रे घातली.

'कॅनिबल फेरॉक्स' बद्दलचा पश्चात्ताप राडिचे यांनी अखेरपर्यंत उघडपणे बोलून दाखवला. कॅथलिक विचारात प्रायश्चित्ताची तीन अंगे आहेत : अनुताप, कबुली आणि भरपाई. पहिली दोन त्यांनी पुरी केली, आणि दुसरे तर अशा ठिकाणी की त्याची कल्पना लिग्वोरींना करता आली नसती : त्या चित्रपटाच्या डिस्कवर, चित्र चालू असताना ऐकता येणाऱ्या निवेदनात, लेन्झी आपल्या कामाचे समर्थन करतात आणि राडिचे त्याचा धिक्कार करतात. हा धिक्कार डिस्कच्या विक्रीचे आकर्षण ठरला, यात त्यांचा दोष नाही, पण कबुलीचा माल होऊ शकतो एवढे त्यातून दिसते. तिसरे अंग त्यांच्या हातात नव्हते, कारण चित्रपटाची मालकी नटाकडे नसते आणि मेलेल्या जनावराची भरपाई कोणाकडेच नसते. प्राणी मारल्याबद्दल देओदातो यांनीही उतारवयात खेद व्यक्त केला.

भरपाईच्या जवळ जाणारे एकच पाऊल या सिनेमाच्या इतिहासात पडलेले आढळते, आणि ते कोणा कलावंताने उचललेले नाही. 'कॅनिबल होलोकॉस्ट' ची डिस्क २००५ मध्ये अमेरिकेत निघाली तेव्हा तिच्यावर मूळ चित्रपटासोबत प्राणिहत्येची सर्व दृश्ये वगळलेली आवृत्तीही दिली गेली. ऑगस्टीनने आपला मित्र अलिपिउस याच्याबद्दल लिहिले आहे की रोममध्ये मित्रांनी बळेच खेळ पाहायला नेले असता तो डोळे घट्ट मिटून बसला, पण गर्दीची आरोळी ऐकून त्याने डोळे उघडले आणि रक्ताची चटक लागून तो परतला. त्याच्यावर बळजबरी झाली होती. घरी डिस्क लावून दोनपैकी एक आवृत्ती निवडणाऱ्या प्रेक्षकावर ती होत नाही, आणि म्हणून योगसूत्रांचे अनुमोदन त्याच्या बाबतीत शब्दशः लागू पडते. 'कॅनिबल फेरॉक्स' मधील डुकरापुरते बोलायचे तर, ते दृश्य तसेच स्वेच्छेने घरी पाहणारा प्रेक्षक राडिचे यांच्यापेक्षा अधिक दोषी आहे.